मंत्री चष्मा लावत नाही

दर गुरुवारी संध्याकाळी सहा वाजता आमच्या स्वयंपाकघरात दरबार भरतो. फ्रिजवर मी माझा लग्नातला शालू टाकते, तो मागचा राजवाडा. समोर प्लास्टिकचं स्टूल, ते मंत्र्याचं आसन. त्यावर माझा नवरा बसतो. छातीपर्यंत पांढरी दाढी, डोक्यावर पत्र्याचा मुकुट, गळ्यात खोट्या मोत्यांच्या तीन माळा आणि कमरेखाली बर्म्युडा, कारण तिथवर कॅमेरा जात नाही. मी ओट्याला टेकून दोन्ही हातांनी फोन धरते. कुकर आधीच उतरवून ठेवते. एकदा मध्येच शिट्टी झाली होती, तेव्हा मंत्रिमहोदय इतके दचकले की मुकुट कानावर आला.

फोनच्या वरच्या कोपऱ्यात एक डोळ्याचं चित्र असतं आणि त्याच्या शेजारी आकडा. आत्ता या घडीला किती माणसं आपल्याला बघतायत, तो हा आकडा. पडदा माझ्याकडे असतो, म्हणून मला तो दिसतो, ह्यांना दिसत नाही. फोन हातात घेतला तरी चष्म्याशिवाय ह्यांना जवळचं धड काही दिसत नाही आणि चष्मा लावायला हे तयार नाहीत. "पुराणातलो मंत्री चष्मो लावता काय गो?" असं पहिल्याच दिवशी मला सुनावलं होतं. रागावले किंवा खूश झाले की हे मालवणीवर येतात. त्यामुळे बोलता बोलता मध्येच, दाढीआडून, हे मला हळूच विचारतात, "किती गो?" आणि मी तोंडातल्या तोंडात आकडा सांगते.

आता तुम्ही म्हणाल, हा तमाशा कुणासाठी? इंडोनेशियासाठी. हसू नका, खरंच सांगते.

ह्यांचे वडील गिरणीत होते आणि कामगारांच्या नाटकांतून कामं करायचे. तो किडा ह्यांना वारशात मिळाला. कुरियर कंपनीतली बरी नोकरी होती, ती एका पौराणिक मालिकेसाठी सोडली. मी तेव्हा घरात तीन दिवस कुणाशी बोलले नव्हते. भूमिका काय, तर दरबारातला म्हातारा मंत्री. हे तेव्हा सेहेचाळीस वर्षांचे, पण उंच आणि आवाजाला जड, म्हणून सत्तरीची दाढी चिकटवली. वाट्याला फिरून फिरून एकच वाक्य यायचं: "महाराज, पुन्हा एकदा विचार करावा." महाराज कधीच विचार करायचे नाहीत, म्हणून तर मालिका तीन वर्षं चालली.

राजवाड्याचा सेट गोरेगावात होता आणि लढाया मढला व्हायच्या. लढाईच्या दिवशी हे पहाटे वर्सोव्याहून फेरीबोटीने जायचे, मासळीच्या पाट्यांमध्ये दाढीची पिशवी मांडीवर घेऊन. संध्याकाळी परतायचे तेव्हा गालावर गमाचे पापुद्रे सुटलेले असायचे. ते मी खोबरेल तेलाने काढायची. मजा म्हणजे तीन वर्षं रोज टीव्हीवर दिसूनही आमच्या दिंडोशीच्या कॉलनीत ह्यांना कुणी ओळखलं नाही. दाढीशिवायचा चेहरा कुणी बघितलेलाच नव्हता. दूधवाला अजून "तीनशे चारवाले" म्हणतो.

मालिका संपली आणि ह्यांचं कामही संपलं. एका वर्षात दोन जाहिराती, त्यातही एकीत पाठ. मी बालवाडीत शिकवते, घर त्यावर चाललं. मग एके दिवशी फोन आला की ती मालिका इंडोनेशियात त्यांच्या भाषेत लागलीय, तिथे तुफान चाललीय, आणि तिथलं चॅनेल आठ कलाकारांना बोलावतंय. आठात मंत्री! हे फोन ठेवून मोरीत गेले आणि पंधरा मिनिटं बाहेर आले नाहीत. मी दार वाजवलं तर आतून म्हणाले, "साबण गेला डोळ्यात."

जकार्ताच्या विमानतळावर गर्दी होती, पोरी रडत होत्या, राजा-राणीवर फुलं पडत होती. हे आपले बॅगा ढकलत मागून चाललेले, दाढीशिवाय, ढिम्म कुणाचं लक्ष नाही. चॅनेलवाल्यांच्या हे लक्षात आलं. त्यांनी सांगितलं की खोलीतून बाहेर पडाल तेव्हा दाढी लावूनच पडायचं. त्यानंतर नऊ दिवस माझ्या नवऱ्याने हॉटेलातला नाश्तासुद्धा दाढी लावून केला. आणि जिथे जातील तिथे एकच हाक, "काकेक! काकेक!" म्हणजे आजोबा. मंत्र्याला ते मंतेरी म्हणतात, आपलाच शब्द. एका म्हातारीने ह्यांचा हात कपाळाला लावला होता. ते सांगताना ह्यांचा आवाज अजून कापतो, आणि मी ते कितीही वेळा ऐकलं तरी मध्ये बोलत नाही.

तिकडून पुन्हा बोलावणं येईल म्हणून हे वाट बघत राहिले. वर्ष गेलं, दोन गेली. तिथली एक कॉलेजातली मुलगी होती, तिने या मालिकेच्या चाहत्यांचं पेज काढलं होतं, ती अधूनमधून माझ्या फोनवर व्हिडिओ कॉल करायची. तिनेच शेवटी मोडक्या इंग्रजीत सांगितलं, काकेक, इथे आता टीव्ही कोणी बघत नाही. सगळे फोनवर. तुम्हीपण फोनवर या. तिनेच शिकवलं, लाइव्ह कसं जायचं, फोन आडवा धरायचा की उभा, नमस्कार कुठे बघून करायचा. खातं माझ्या फोनवर उघडलं, कारण ह्यांचा फोन बटणांचा. तिने शनिवार सुचवला होता. हे म्हणाले, गुरुवार, दत्ताचा वार. ती म्हणाली, काकेक, गुरुवारची संध्याकाळ आमच्याकडे भुतांची असते, सगळे भुताचे व्हिडिओ बघतात. हे म्हणाले, मग तर गुरुवारच, दत्तापुढे भूत काय करणार! मला तेव्हाच बोलायला हवं होतं. पण मीही हसले आणि दत्ताच्या फोटोला हार घातला.

पहिल्या गुरुवारी सात हजार माणसं होती. सात हजार! मी आकडा मोठ्याने वाचला आणि माझा हात इतका हलला की तिकडून कुणीतरी लिहिलं, भूकंप झाला का? ह्यांनी वहीत लिहून पाठ केलेली इंडोनेशियन वाक्यं म्हटली, मग ते एक वाक्य म्हटलं, महाराजांना विचार करायला सांगणारं, त्यांच्या भाषेत. पडद्यावर नुसती लाल बदामांची रांग. बंद केल्यावर आम्ही दोघं ओट्याशी उभं राहून कालचा गार वरणभात खाल्ला आणि इतकं गोड जेवण मी लग्नातही जेवले नव्हते.

मग काय झालं ते मला नीट सांगायचंय, कारण त्यात कुणाचा दोष नाही आणि तेच माझ्या डोक्याला ताप आहे.

झालं असं की तिथल्या लोकांनी स्वतःच व्हिडिओ करायला घेतले. ह्यांच्या खात्यामुळे माझ्या फोनवर ते आपोआप यायला लागले आणि मी दुपारी बालवाडीतून आल्यावर पडल्या पडल्या बघायला लागले. एका खेड्यातली पाच-सहा पोरं आपलीच मालिका काढतात. एक जुनी मोटारसायकल, एक कोंबडी आणि एक तापट शेजारीण, एवढ्यावर. शब्द कळत नाही पण मी उशीत तोंड खुपसून हसते. एक जण पांढऱ्या कपड्यात गुंडाळलेलं भूत बनून टुणटुण उड्या मारत लोकांना घाबरवतो. एक कोळीण आहे, अगदी आमच्या वर्सोव्याच्या बाजारातली वाटावी अशी, ती मासे साफ करता करता नवऱ्याला शिव्या घालते. तिला लाखो माणसं बघतात. का बघू नयेत? ती झकास आहे. मी तिचा एकही व्हिडिओ चुकवत नाही. माझ्या नवऱ्याची माणसं जिने पळवली, तिला मीही रोज बघायला जाते. हे मी आजपर्यंत कुणालाच सांगितलेलं नाही.

सात हजारांचे चार झाले, चारांचे दीड. तोवर मी खरं सांगत होते. एका गुरुवारी दोनशे दहा होते. "किती गो?" झालं आणि माझ्या तोंडून निघालं, "दोन हजार." ठरवून नाही हो. त्या आठवड्यात ह्यांना ताप होता, तरी अंगावर शालजोडी घेऊन बसले होते, घाम गळत होता, म्हटलं आज नको. पुढच्या गुरुवारी एकशे चाळीस होते. आदल्या खेपेला दोन हजार सांगितल्यावर आता एकशे चाळीस कसं सांगणार? बालवाडीत रोज सकाळी तीस पोरांना सांगते, खोटं बोलायचं नाही, आणि गुरुवारी संध्याकाळी नवऱ्याला तोंडावर खोटं सांगते.

ती कॉलेजातली मुलगीही हळूहळू गेली. तिचं लग्न झालं, मूल झालं, आता ती स्वतः लाइव्हवर डोक्याचे रुमाल विकते. फार छान विकते. एकदा मी तिच्या लाइव्हमध्ये हात जोडल्याचं चित्र टाकलं, तर तिने न ओळखता मला निळा रुमाल दाखवला.

आकडा खोटा, मग कॉमेंटही खोट्या. ह्यांना त्या दिसत नाहीत, मी वाचून दाखवायची. पूर्वी खरंच यायच्या, त्यातले शब्द मला पाठ झाले होते. रिंदू, म्हणजे तुमची आठवण येते. सेहात, म्हणजे तब्येत सांभाळा. खाली काहीही नसलं तरी मी थोड्या थोड्या वेळाने म्हणायची, "रिंदू काकेक. सेहात काकेक." हे छातीवर हात ठेवून मान लववायचे.

त्यातच गालाचं सुरू झालं. तो दाढी चिकटवायचा गम ह्यांच्या चामडीला सोसेना. आधी लाली, मग पाण्याचे फोड, मग जखमा. डॉक्टरीणबाईंनी ह्यांना झापलं, हा गम पुन्हा लावलात तर डाग कायमचे राहतील. मग ह्यांनी युक्ती काढली की स्वतःची दाढी वाढवायची. आता वय झालंच होतं, पांढरी आपोआपच येणार होती. दोन महिने वाढवली. आली पांढरीच, पण विरळ, एका गालाला जास्त, एकाला कमी. त्या गुरुवारी तेवीस जण होते. एकाने लिहिलं, "बुकान काकेक." बुकान म्हणजे नाही. हा शब्द ह्यांनीच मला वहीतून शिकवला होता. हे आजोबा नाहीत. दुसऱ्याने लिहिलं, खरे काकेक कुठे आहेत?

"काय म्हणतत?" ह्यांनी विचारलं.

"तब्येत विचारतायत," मी म्हणाले.

पण तेविसांचे नऊ झाले तेव्हा माझा चेहरा ह्यांनी वाचला असणार, आकडा दिसत नसला तरी बायको दिसते. पुढच्या गुरुवारी ह्यांनी स्वतःची दाढी काढली आणि जखमांवर मलम, मलमावर पावडर, पावडरीवर गम लावला. मी हात धरला, तर झटकला. "दोन हजार माणसां खऱ्या काकेकाक बघूक येतत," म्हणाले. दोन हजार माणसं मीच तर बोलावली होती.

आणि मग त्या शनिवारी फोन आला. जुन्या मालिकेत जो पोरगा सीन लिहून आणायचा, तो आता मोठा दिग्दर्शक झालाय. मराठी मालिका, आजोबांची भूमिका, मुख्य. नातीशी मैत्री असलेले, रिटायर्ड पोस्टमन आजोबा. चष्मा लावणारे आणि गुळगुळीत दाढी केलेले! ह्यांच्या स्वतःच्या चेहऱ्याचे आजोबा. सेट आमच्या घरापासून रिक्षाने दहा मिनिटांवर. तो स्पीकरवर म्हणाला, "दादा, तुमचा चेहरा डोळ्यांसमोर ठेवून लिहिलंय. शुक्रवारपर्यंत सांगा." तीस वर्षं ज्या एका फोनची वाट बघितली, तोच हा फोन. मी कणीक मळत होते, हात तसेच परातीत राहिले.

हे म्हणाले, "शूटिंग आठ वाजेपर्यंत चालेल ना रे? गुरुवारी मला पाचला सुटायला लागेल." तो म्हणाला, दादा, ते नाही जमणार, मुख्य भूमिका आहे. हे म्हणाले, "मग बघतो. तिकडे माणसं वाट बघतात माझी."

फोन ठेवल्यावर मी म्हटलं, "अहो, घ्या ना हे काम. गाल बरा होईल. लोक ओळखतील तुम्हाला, ह्या तुमच्या चेहऱ्याने ओळखतील."

"आणि त्यांना काय सांगू?" हे म्हणाले. "सगळे कलाकार त्यांना विसरले. राजाने बंगला घेतला, राणी लंडनला गेली. मी एकटा उरलोय त्यांच्यासाठी. दोन हजार म्हणजे कमी नाहीत गं. आपल्या कॉलनीत तरी तेवढी माणसं आहेत का?"

मी सांगू शकले असते, तिथल्या तिथे. कणकेचे हात धुवायचे आणि सांगायचं, अहो, गेल्या गुरुवारी सहा होते. सहा. त्यातला एक चुकून आलेला. पण ते सांगायचं म्हणजे फक्त आकडा सांगायचा नव्हता. दीड वर्षं मी समोर उभी राहून जे रिंदू-सेहात केलं, तेही सांगायला लागलं असतं. रविवारी ठरवलं, सकाळी चहाबरोबर सांगते. चहा झाला. सोमवारी म्हटलं, बालवाडीतून आल्यावर. आले तर हे वही घेऊन नवीन वाक्य पाठ करत होते, इतकं मन लावून, की मीच पाणी आणून दिलं. बुधवारी रात्रभर कूस बदलत राहिले आणि शेवटी ठरवलं की गुरुवारी दरबार भरायच्या आधी सांगायचं म्हणजे सांगायचं. मग ते रडोत, ओरडोत, मला माहेरी धाडोत. शुक्रवारी सकाळी त्या पोराला होकार गेला पाहिजे.

गुरुवारी साडेपाचला हे आरशासमोर बसून गालाला गम लावत होते. उजव्या गालावरची खपली ओली होती, ब्रश लागला की डोळे मिटत होते. मी मागे जाऊन उभी राहिले. हातात ह्यांचा चष्मा घेतला होता. म्हटलं, "अहो, आज चष्मा लावा आणि एकदा स्वतः बघा. मला काहीतरी सांगायचंय त्या मालिकेबद्दल."

"ती होय?" हे आरशातूनच म्हणाले. "त्याला मंगळवारीच नाही म्हणून कळवलं मी. बिचारा फार गळ घालत होता. म्हटलं, उगाच अडकवून कशाला ठेवायचं? दुसरा बघू दे त्याला." आणि दाढी चिकटवून दोन्ही हातांनी दाबून धरली, सुकेपर्यंत दाबावी लागते.

मी गॅलरीत गेले. खाली पोरं क्रिकेट खेळत होती. त्या दिग्दर्शकाला फोन लावला. म्हटलं, अरे, त्यांचं ऐकू नकोस, ते येतील, मी आणते त्यांना. तो म्हणाला, "वहिनी, काल दुसऱ्यांची लूक टेस्ट झाली. सही झाली. चॅनेलला आवडले ते. आता खरंच माझ्या हातात नाही हो." तो मनापासून हळहळत होता, ते जास्त लागलं. कुणीतरी उद्धट बोललं असतं तर भांडता तरी आलं असतं.

आतून हाक आली, "सहा वाजले गो!"

मी तिथेच उभी राहून विचार केला. आता सांगून काय होणार? काम तर गेलं. आता खरं सांगितलं तर ह्यांच्याकडे तेही नाही आणि हेही नाही. कालपर्यंत खरं बोलण्याने ह्यांचं भलं झालं असतं, आज फक्त माझं मन हलकं झालं असतं. चष्मा मी फ्रिजवरच्या डब्यामागे ठेवून दिला. शालू नीट केला. ओट्याला टेकले आणि फोन वर धरला.

हे हसले, नमस्कार केला, "स्लामत मालाम", म्हणजे शुभ संध्याकाळ, असं म्हणाले. फोडांवरून दाढी ताणली जात होती, तरी हसू पूर्ण होतं. कोपऱ्यातला आकडा चार होता, बघता बघता तीन झाला. पाच मिनिटं झाल्यावर मान थोडी वळवून, दाढीआडून हे पुटपुटले,

"किती गो?"

इतके दिवस खोटं सांगताना मी दोन हजारांवर कधी गेले नव्हते. पण आज ह्यांनी जे सोडलं होतं, त्याला दोन हजार फार कमी होते.

"पाच हजार," मी म्हटलं.

ह्यांनी माझ्याकडे बघितलं, डोळे भरलेले. मग स्टुलावर ताठ बसले, मुकुट सारखा केला, आणि महाराजांना पुन्हा एकदा विचार करायला सांगणारं ते वाक्य इतक्या खणखणीत आवाजात म्हटलं की गॅलरीतली कबुतरं उडाली. तिनांचे दोन झाले. मी हात हलू दिला नाही.